गेम तात्पुरते काढून लॅपटॉपवर जागा करायची आहे: सेव्ह, मॉड आणि डाउनलोडचं काय?

गोदाकाठ (धागाकर्ता) | शुक्र, रात्री १०.१५

नमस्कार मंडळी. मेकॅनिकलच्या शेवटच्या वर्षाला आहे. प्रोजेक्टसाठी आन्सिस आणि सॉलिडवर्क्स ही दोन इंजिनिअरिंगची सॉफ्टवेअर लॅपटॉपवर हवीत, कारण कॉलेजची लॅब संध्याकाळी बंद होते आणि आमचं खरं काम तिथून पुढे सुरू होतं. लॅपटॉपला एकच डिस्क, ५१२ जीबीची एसएसडी. विंडोज ती ४७६ दाखवतं आणि त्यातले जेमतेम १९ उरलेत.

जागा कशाने खाल्ली ते उघड आहे. रेड डेड रिडेम्प्शन २, काउंटर-स्ट्राइक २, विचर ३, भरपूर मॉड (चाहत्यांनी बनवलेल्या जोडण्या) घातलेलं स्कायरिम, शिवाय हॉलो नाइट आणि स्टारड्यू व्हॅली, हे सगळे स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानावर. जीटीए ५ एपिक या दुसऱ्या दुकानावर, २०२० साली त्यांनी फुकट दिला होता तेव्हा घेतलेला.

मे महिन्यापर्यंत खेळायला वेळ मिळणार नाही, त्यामुळे गेम काढायला माझी तयारी आहे. पण कायमचे घालवायचे नाहीत. रेड डेडची गोष्ट अर्ध्यावर आहे आणि ती पुन्हा पहिल्यापासून खेळणं जिवावर येईल. नुसतं अनइन्स्टॉल केलं तर सेव्ह (कुठपर्यंत खेळलो त्याच्या फाइल्स) राहतात का? पैसे देऊन घेतलेला गेम परत फुकट उतरवता येतो ना? जाणकारांनी प्रकाश टाकावा.

---

बिटबाईट | शुक्र, रात्री १०.३२

एवढा विचार कशाला? सगळं क्लाऊडवर असतं. राइट क्लिक, अनइन्स्टॉल, संपलं. मे महिन्यात परत टाक.

---

मुळामुठा | शुक्र, रात्री ११.०५

बिटबाईट, "सगळं" क्लाऊडवर नसतं. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

गोदाकाठ, तीन गोष्टी वेगवेगळ्या धरा. पहिली, गेमवरचा तुमचा हक्क. तो तुमच्या स्टीम किंवा एपिक खात्यावर नोंदलेला असतो. गेम काढला तरी लायब्ररीत नाव राहतं आणि परत उतरवायला पैसे पडत नाहीत. दुसरी, गेमच्या फाइल्स. त्या शंभर जीबी असोत की दहा, कंपनीच्या सर्व्हरवरून जशाच्या तशा परत मिळतात. तिसरी म्हणजे तुमचा सेव्ह. काही एमबींचा असतो, पण जगात त्याची दुसरी प्रत कदाचित कुठेच नसते. घर बदलताना आपण भांडीकुंडी नंतर आणि कागदपत्रं आधी उचलतो, तसं इथे सेव्ह आधी उचला.

स्टीम क्लाऊड ही सोय प्रत्येक गेमला नसते. ती द्यायची की नाही हे गेम बनवणारा ठरवतो. स्टोअरच्या पानावर उजवीकडे सोयींची यादी असते, तिच्यात 'स्टीम क्लाऊड' लिहिलंय का ते पाहा. लायब्ररीतही प्लेच्या बटणाजवळ क्लाऊडची स्थिती दिसते. तिथे 'अप टू डेट' आल्याशिवाय काही काढू नका. नेट बंद असताना खेळून लगेच लॅपटॉप मिटला असेल, तर शेवटचा सेव्ह अजून वर चढलेलाच नसतो. ब्राउझरमधून स्टीम खात्यात गेलात, तर क्लाऊडवर कुठल्या गेमच्या कोणत्या फाइल्स आहेत आणि किती तारखेच्या आहेत हेही दिसतं. तिथून त्या उतरवूनही घेता येतात.

क्लाऊड असला तरी सेव्हची एक प्रत हाताने काढून ठेवा. दहा मिनिटांचं काम आहे. तुमच्या यादीतल्या जागा सांगतो.

रेड डेड आणि जीटीए: डॉक्युमेंट्समध्ये 'रॉकस्टार गेम्स' नावाचा फोल्डर, त्यात गेमच्या नावाचा, त्यात 'प्रोफाइल्स'. विचर ३: डॉक्युमेंट्समध्येच 'द विचर ३', आत 'गेमसेव्ह्ज'. स्कायरिम: डॉक्युमेंट्स, 'माय गेम्स', मग त्याच्या नावाचा फोल्डर. स्टारड्यू आणि हॉलो नाइट मात्र 'ॲपडेटा'त बसतात. स्टारड्यू 'रोमिंग'मध्ये, हॉलो नाइट 'लोकललो'मध्ये 'टीम चेरी'च्या नावाखाली. ॲपडेटा लपवलेला असतो, त्यामुळे फाइल एक्सप्लोररच्या व्ह्यू मेनूतून 'हिडन आयटम्स' चालू करा. इतर कुठल्या गेमची जागा हवी असेल तर पीसीगेमिंगविकीवर शोधा, जवळजवळ प्रत्येक गेमचं पान आहे.

काउंटर-स्ट्राइक बिनधास्त काढा. तुमची रँक आणि स्किन सर्व्हरवर असतात. जीटीए ऑनलाइनचंही तसंच, पण जीटीएची एकट्याने खेळायची गोष्ट तुमच्या डिस्कवर सेव्ह होते.

---

गोदाकाठ | शुक्र, रात्री ११.२०

खूप आभार दादा. माझं डॉक्युमेंट्स वनड्राइव्हमध्ये गेलेलं दिसतंय, प्रत्येक फोल्डरवर ढगाचं चिन्ह आहे. म्हणजे सेव्ह आपोआप सुरक्षित आहेत असं समजू का?

---

मुळामुठा | शुक्र, रात्री ११.३१

अर्धं बरोबर. फुकट वनड्राइव्ह ५ जीबीचा असतो. तो भरला की नव्या फाइल्स वर जाणं थांबतं. वेबसाइटवर लॉगिन करून सेव्हच्या फाइल्स आणि त्यांच्या तारखा तपासा. आणखी एक, वनड्राइव्ह हे मुळात सिंक आहे. इथून काही पुसलंत तर तिथूनही पुसलं जातं आणि मग रिसायकल बिनमध्ये शोधत बसावं लागतं. म्हणून वेगळ्या पेनड्राइव्हवर एक प्रत हवीच.

---

खाडीकाठ | शनि, सकाळी ७.५०

मुळामुठा यांचं पटलं, पण शहरातल्या माणसांकडून एक मुद्दा नेहमी सुटतो. काढणं एका मिनिटाचं असतं, परत आणणं नाही.

हिशेब मांडतो. १०० एमबीपीएसची लाइन असेल तर सेकंदाला साडेबारा मेगाबाइट, म्हणजे तासाला ४५ जीबी. रेड डेड डिस्कवर १२० जीबीच्या आसपास भरतो, तो पावणेतीन तासांत उतरेल. लाइन ३० एमबीपीएसची असेल तर तासाला साडेतेरा जीबी, म्हणजे नऊ तास. आमच्या देवगडकडच्या वाड्यांत आजही कित्येक घरांत फायबर नाही, मोबाइलचं हॉटस्पॉटच आहे. रोजचा २ जीबी डेटा धरला तर तोच गेम उतरायला दोन महिने लागतील, तेही घरात दुसऱ्या कुणी काही पाहिलं नाही तर. पावसाळ्यात वीज आणि टॉवर कधी जातील याचा नेम नाही, ते वेगळंच.

म्हणून आमच्याकडे गेम 'काढणं' असं करत नाहीत, 'हलवणं' करतात. एक यूएसबी ३.० ची बाहेरची हार्ड डिस्क घ्या. साधी डिस्कही सेकंदाला शंभर मेगाबाइटच्या आसपास लिहिते. १२० जीबी वीस मिनिटांत तिकडे जातो आणि तेवढ्याच वेळात परत येतो, नेट असो वा नसो.

स्टीममध्ये याची सोय आतच आहे. सेटिंग्ज, स्टोरेज, तिथे बाहेरची डिस्क नवी लायब्ररी म्हणून जोडा. मग गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, 'इन्स्टॉल्ड फाइल्स', 'मूव्ह इन्स्टॉल फोल्डर'. डिस्क काढून कपाटात ठेवलीत की लायब्ररीत गेम 'इन्स्टॉल नाही' असा दिसेल. घाबरायचं नाही, डिस्क जोडली की परत येतो.

डिस्क एनटीएफएसमध्ये फॉरमॅट केलेली असू द्या. जुना पेनड्राइव्ह एफएटी३२ असेल तर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल तो घेणारच नाही, आणि हल्लीच्या गेममध्ये त्याहून मोठ्या फाइल्स सर्रास असतात.

---

बिटबाईट | शनि, सकाळी ९.१०

बरोबर, माझ्याकडे ३०० एमबीपीएस आहे म्हणून हे डोक्यात आलं नाही. पण एपिकमध्ये असं हलवता येतं का? जीटीए तिकडे आहे ना त्याचा.

---

मुळामुठा | शनि, सकाळी ९.४५

जुनी खात्रीची पद्धत सांगतो. जीटीएचा अख्खा फोल्डर बाहेरच्या डिस्कवर कॉपी करायचा. मग एपिकमधून रीतसर अनइन्स्टॉल. मे महिन्यात एपिकमधूनच इन्स्टॉल सुरू करायचं, फोल्डर तयार होऊन एक-दोन टक्के उतरलं की थांबवून लाँचर (एपिकचं ॲप) बंद करायचा. जुन्या फाइल्स त्या नव्या फोल्डरमध्ये टाकायच्या आणि डाउनलोड पुन्हा चालू करायचं. लाँचर आधी असलेल्या फाइल्स तपासतो आणि मधल्या काळात बदललेलं तेवढंच नेटवरून घेतो.

स्टीमची आणखी एक सोय फार थोड्यांना माहीत आहे. २०२३ पासून एकाच घरातल्या किंवा होस्टेलच्या एकाच नेटवर्कवरच्या दोन संगणकांत स्टीम गेमच्या फाइल्स परस्पर पाठवू शकतं. गोदाकाठ, रूममेटकडे तोच गेम असेल तर मे महिन्यात तुमच्या लॅपटॉपला तो इंटरनेटवरून उतरवायची गरजच पडणार नाही. दोघांच्या स्टीमच्या डाउनलोड सेटिंग्जमध्ये स्थानिक नेटवर्कवरून देवाणघेवाण चालू ठेवा.

---

पाऊलवाट | शनि, सकाळी ११.२०

माझं छत्रपती संभाजीनगरला लॅपटॉप दुरुस्तीचं दुकान आहे. 'जागा संपली' म्हणून येणारी निम्मी मशिन आधी गेम न काढताच मोकळी होतात, तेव्हा हे आधी बघा.

विझट्री किंवा विनडिरस्टॅट चालवा. कोणता फोल्डर किती खातो ते चित्रासारखं दिसतं. मला नेहमी सापडणाऱ्या गोष्टी: व्हिडिओज फोल्डरातल्या 'कॅप्चर्स'मध्ये गेम बारने केलेली तासन्‌तासांची रेकॉर्डिंग. डाउनलोड्समधले जुने इन्स्टॉलर. ग्राफिक्स कार्डाचा शेडर कॅश (साठवलेल्या तात्पुरत्या फाइल्स). स्टीमच्या वर्कशॉप फोल्डरमध्ये न लागणारे मॉड. विंडोजचं मोठं अपडेट नुकतंच झालं असेल तर 'विंडोज.ओल्ड'. तो दहा दिवसांनी आपोआप जातो, पण घाई असेल तर सेटिंग्ज, सिस्टिम, स्टोरेज, 'टेम्पररी फाइल्स' इथून काढता येतो. शिवाय हायबरनेशनची फाइल, १६ जीबी रॅमच्या मशिनवर साधारण साडेसहा जीबी. हायबरनेट कधी वापरत नसाल तर बंद करा, मात्र त्याबरोबर फास्ट स्टार्टअपही बंद होतं.

एका फोल्डरला हात लावू नका: विंडोजच्या आतला 'विनएसएक्सएस'. मोठा दिसतो म्हणून लोक हाताने उडवतात आणि मग विंडोज नव्याने टाकायला माझ्याकडे येतात. त्याची साफसफाई विंडोजच्या स्वतःच्या क्लीनअपनेच करायची.

आणि गोदाकाठ, ५१२ ची ४७६ झाली यात फसवणूक नाही. कंपनी एक जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट धरते, विंडोज १०२४ च्या पटीत मोजतं. १ टीबीची डिस्कही याच कारणाने ९३१ दिसते.

---

गोदाकाठ | शनि, दुपारी १२.०५

विझट्री चालवलं. कॅप्चर्समध्ये ३४ जीबी रेकॉर्डिंग निघालं, हे डोक्यातच नव्हतं! ते आत्ताच काढतो.

पाऊलवाट दादा, आन्सिस बसेल एवढीच जागा केली तर पुरे का? म्हणजे एखादा गेम वाचवता येईल.

---

पाऊलवाट | शनि, दुपारी १.३०

नाही, आणि हे महत्त्वाचं आहे. एसएसडी गच्च भरली की हळू होते. हल्लीच्या स्वस्त एसएसडी मोकळ्या जागेचाच काही भाग वेगवान बफर म्हणून वापरतात. आधी तिथे झटपट लिहितात आणि मग निवांतपणे मुख्य जागी हलवतात. मोकळी जागा कमी झाली की तो बफरही आक्रसतो आणि लिहिण्याचा वेग एकदम पडतो. शिवाय कुठलाही भाग पुन्हा लिहिण्याआधी पुसावा लागतो. त्या उचलठेवीला मोकळे ब्लॉक हाताशी नसले तर डिस्कला दुप्पट काम पडतं आणि तिचं आयुष्यही त्यातच खर्च होतं.

आन्सिसचा सॉल्व्हर चालताना मोठमोठ्या तात्पुरत्या फाइल्स लिहितो. मेश (मॉडेलवर पाडलेली जाळी) बारीक केलीत की त्या अशा वाढतात की रात्री लावलेलं सोल्यूशन पहाटे जागेअभावी अडकतं. इन्स्टॉल झाल्यावरही निदान ८०-१०० जीबी रिकामी राहू द्या. एकदा प्रोजेक्टचं काम सुरू झालं की रोज जागेचा हिशेब करत बसायला नको.

लॅपटॉपमध्ये आणखी एक एसएसडी बसवायची जागा, म्हणजे दुसरा एम.२ स्लॉट, आहे का ते मॉडेल नंबर टाकून बघा. बऱ्याच गेमिंग लॅपटॉपमध्ये असतो आणि रिकामा असतो. पण परीक्षेच्या तोंडावर विद्यार्थ्याला खर्चात पाडायचं म्हणून सांगत नाही, पुढे कधीतरी.

---

जुना_खेळगडी | शनि, संध्याकाळी ६.००

स्कायरिमबद्दल अजून कुणी बोललं नाही म्हणून लिहितो. गोदाकाठ, बाकी काहीही काढा, स्कायरिम नुसतं अनइन्स्टॉल करू नका.

परत उतरवाल तेव्हा स्टीम नवीनतम आवृत्ती देतं, तुमच्याकडे होती ती नाही. स्कायरिमचे बरेचसे मोठे मॉड एसकेएसई नावाच्या जोडणीवर चालतात आणि ती गेमच्या नेमक्या आवृत्तीशी बांधलेली असते. ११ नोव्हेंबर २०२१ ला ॲनिव्हर्सरी आवृत्ती आली, तेव्हा जगभरच्या लोकांची मॉडची घडी एका रात्रीत विस्कटली होती. मॉड लावणं म्हणजे नुसती फाइल टाकणं नाही. कुठला आधी, कुठला नंतर, कुणाचं कुणाशी पटत नाही, हे सगळं बसवायला महिने जातात. तेव्हा गेमचा फोल्डर, मॉड ऑर्गनायझर किंवा व्होर्टेक्स (मॉड सांभाळणारी सॉफ्टवेअर) यांचा फोल्डर आणि सेव्ह, तिन्ही मिळून बाहेरच्या डिस्कवर न्या.

'तात्पुरतं काढणं' कधी कधी कायमचं होतं हेही नव्या मुलांना माहीत असावं. पीटी नावाचा छोटा भयगेम २०१४ मध्ये पीएस४ वर फुकट आला. २०१५ च्या एप्रिलमध्ये तो दुकानातून काढला आणि पुढे ज्यांनी आधी उतरवला होता त्यांनाही तो परत उतरवता येईना. ज्यांनी जागेसाठी पुसला त्यांचा गेला. 'द क्रू' ही शर्यत ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाल्यावर पैसे देऊन घेतलेल्यांनाही खेळता येईना, कारण ती एकट्याने खेळायलाही सर्व्हर लागायचा. जीटीए ४ मधून २०१८ साली कितीतरी गाणी गेली, कारण त्यांचे दहा वर्षांचे परवाने संपले. आज तो नव्याने उतरवलात तर ती गाणी नसलेला गेम मिळतो.

सगळीकडे असं होत नाही. फोर्झा होरायझन ४ ची विक्री १५ डिसेंबर २०२४ ला थांबली, पण ज्यांनी विकत घेतलाय त्यांना तो आजही उतरवता येतो. पण भरवसा कशाचा ठेवायचा हे गेमगणिक बघावं लागतं.

आपल्याकडचं उदाहरण म्हणजे ईए क्रिकेट ०७. २००६ च्या शेवटी आलेला गेम, आणि आपल्याकडची पोरं अजून त्यात नवे संघ, नव्या जर्सी, नवी मैदानं घालून खेळतात. तो कुठल्या डिजिटल दुकानात विकत मिळत नाही. तुमच्या मशिनवर असेल आणि डिस्क हरवली असेल, तर जागेसाठी त्याचा बळी देऊ नका. आजच्या मानाने तो घेतोच किती जागा!

---

सांगलीची_आई | रवि, सकाळी १०.४०

धागा वाचतेय, पण माझा प्रश्न थोडा वेगळा आहे. घरी एकच कॉम्प्युटर आहे. मी त्यावर टॅलीत हिशेब लिहिते आणि लोकांचे जीएसटी रिटर्न भरते. सी ड्राइव्ह लाल झालाय आणि विंडोज अपडेट जागा नाही म्हणून अडकतंय. मुलगा सातवीत आहे, त्याचे माइनक्राफ्ट, व्हॅलोरंट आणि जीटीए त्यावर आहेत. तो शाळेत असताना प्रोग्राम फाइल्समध्ये जाऊन ते फोल्डर सरळ डिलीट करावेत असं मनात आहे. चालेल ना?

---

मुळामुठा | रवि, सकाळी ११.१५

ताई, कृपा करून असं करू नका. दोन कारणं आहेत.

तांत्रिक कारण असं की फोल्डर हाताने पुसला तरी लाँचरला आणि विंडोजला गेम आहे असंच वाटत राहतं. नोंदी, शॉर्टकट, सर्व्हिसेस मागे राहतात आणि नंतर काढतानाही अडतं. सेटिंग्जमधल्या 'ॲप्स'मधून किंवा त्या त्या लाँचरमधूनच काढा. व्हॅलोरंट काढलात तर 'रायट व्हॅन्गार्ड' वेगळं काढावं लागतं. ते फसवेगिरी पकडणारं सॉफ्टवेअर आहे, कॉम्प्युटर सुरू होतानाच चालू होतं आणि यादीत त्याचं नाव स्वतंत्र असतं.

दुसरं कारण मला जास्त महत्त्वाचं वाटतं. माइनक्राफ्टमध्ये मुलं जे बांधतात ते त्यांनी स्वतः बनवलेलं असतं. गाव, किल्ला, रेल्वे, कधी मित्रांबरोबर सुट्टीभर बसून केलेलं. माइनक्राफ्टची ही दुनिया बऱ्याचदा फक्त त्या एका कॉम्प्युटरवर असते. त्याच्या दोन आवृत्त्या आहेत, बेडरॉक आणि जावा; बेडरॉकच्या जुन्या विंडोज ॲपमध्ये तर ॲप काढलं की दुनियाही त्याबरोबर पुसली जायची. आपल्याला विचारल्याशिवाय ते गेलं हे मूल लवकर विसरत नाही.

त्याला शेजारी बसवा. बेडरॉक असेल तर दुनियेच्या नावापुढच्या पेन्सिलवर टिचकी मारून खाली 'एक्सपोर्ट वर्ल्ड' करायला सांगा, एकच फाइल तयार होते. जावा आवृत्ती असेल तर ॲपडेटातल्या रोमिंगमध्ये 'डॉट माइनक्राफ्ट' नावाचा फोल्डर, त्यातला 'सेव्ह्ज' कॉपी करायचा. आणि खरं सांगू, माइनक्राफ्ट काढायची गरजच नाही. तो लहान आहे. तुमची जागा जीटीए आणि व्हॅलोरंटनेच खाल्ली असणार.

---

पाऊलवाट | रवि, दुपारी १२.१०

ताई, कॉम्प्युटर असेंबल केलेला आहे का? 'धिस पीसी' उघडून डी ड्राइव्ह किती मोकळा आहे ते सांगा.

---

सांगलीची_आई | रवि, दुपारी १२.२५

हो, असेंबल केलेला. सी २२३ जीबीचा आहे. डी ९३१ जीबीचा आणि त्यात ७०० च्या वर मोकळे! इतके दिवस ते मला दिसलंच नाही कारण माझं सगळं काम सीवरच चालतं.

---

पाऊलवाट | रवि, दुपारी १२.४०

मग काहीच काढायचं नाही. २४० जीबीची एसएसडी सी आणि १ टीबीची हार्ड डिस्क डी, ही जोडी आपल्याकडच्या असेंबल मशिनमध्ये घरोघरी आहे, आणि आपण जागा बदलली नाही तर सगळे लाँचर सीवरच टाकतात. जीटीए डीवर हलवा. गेम सुरू व्हायला थोडा जास्त वेळ लागेल, रस्ते-इमारती जरा उशिरा उमटतील, पण खेळता येईल. टॅलीचा डेटा एसएसडीवरच राहू द्या आणि त्याचा बॅकअप मात्र डीवर घ्या. मुलाला हलवायचं काम द्या, जीटीए एपिकवरचा असेल तर मुळामुठांनी वर पद्धत लिहिलीच आहे. तो तुमच्यापेक्षा भराभर करेल.

---

सांगलीची_आई | रवि, रात्री ८.५०

हलवलं. सीवर १०० जीबीच्या वर मोकळे झाले आणि अपडेट सुरू झालंय. त्याने स्वतःहून एक्सपोर्टही करून पेनड्राइव्हवर ठेवलं आणि मला त्याचं गाव फिरवून दाखवलं. मी डिलीट करायला निघाले होते त्यात त्याने आमच्या वाड्याचा चौक बांधलाय. सगळ्यांचे मनापासून आभार.

---

खाडीकाठ | रवि, रात्री ९.१५

ताई, वाचून फार बरं वाटलं.

एक प्रश्न जाणकारांना. हे गेम एवढे फुगतात का? दर वर्षी आकडा वाढतोच आहे, आणि त्याची किंमत आमच्यासारख्या कमी नेटवाल्यांना जास्त पडते.

---

पाऊलवाट | रवि, रात्री १०.००

मोठं कारण म्हणजे ४के पडद्यासाठीची चित्रं, मग तुमचा पडदा साधा फुलएचडी का असेना. दुसरं, आवाज. २०१४ च्या टायटनफॉलमध्ये ४८ जीबींपैकी ३५ जीबी नुसता न दाबलेला (कॉम्प्रेस न केलेला) आवाज होता. कमकुवत प्रोसेसरला खेळताना आवाज उलगडायचं ओझं पडू नये म्हणून.

तिसरं कारण जुन्या हार्ड डिस्कचं. फिरत्या डिस्कच्या डोक्याला इकडून तिकडे जायला वेळ लागतो, म्हणून एकच फाइल अनेक ठिकाणी पुन्हा पुन्हा ठेवतात, म्हणजे प्रत्येक नकाशाचं सामान सलग सापडतं. हेलडायव्हर्स २ ची पीसी आवृत्ती अशी १५४ जीबींपर्यंत गेली होती. २०२५ च्या अखेरीस बनवणाऱ्यांनी या दुबार प्रती काढल्या आणि तोच गेम २३ जीबींवर आला. हार्ड डिस्कवाल्यांनाही सुरू व्हायला फक्त काही सेकंद जास्त लागतात असं त्यांनीच सांगितलं. म्हणजे मनावर घेतलं तर होतं. कंपन्यांनी ते मनावर घ्यावं म्हणून आपणही त्यांच्या फोरमवर मागत राहिलं पाहिजे.

तोवर आपल्या हातात एक आहे. काही गेम सुटे भाग काढू देतात. जास्तीची भाषा, मोहीम संपली असेल तर ती मोहीम, उच्च दर्जाच्या चित्रांचा ऐच्छिक संच. कॉल ऑफ ड्यूटीमध्ये मोहीम आणि मल्टीप्लेअर वेगवेगळे काढता येतात. स्टीमवर प्रॉपर्टीजमध्ये 'डीएलसी'च्या (जास्तीच्या भागांच्या) यादीत खुणा काढून बघा.

---

गोदाकाठ | सोम, रात्री ९.३०

काल बाहेरची डिस्क मिळाली, मामांकडे पडून होती. रेड डेड आणि स्कायरिम मॉडसकट त्यावर गेले. जीटीएचा फोल्डर तिकडे कॉपी करून एपिकमधून काढला. काउंटर-स्ट्राइक आणि विचर सरळ अनइन्स्टॉल केले, विचरचे सेव्ह पेनड्राइव्हवर आणि क्लाऊडवर दोन्हीकडे आहेत. हॉलो नाइट आणि स्टारड्यू ठेवले, ते काढून मिळणार तरी काय होतं! आन्सिस आणि सॉलिडवर्क्स दोन्ही टाकून झाले आणि दीडशे जीबींच्या वर मोकळे आहेत.

एकच शंका उरलीय. मे महिन्यात विचर परत टाकल्यावर स्टीमने क्लाऊडचा सेव्ह की इथला असं विचारलं, तर काय निवडायचं?

---

मुळामुठा | सोम, रात्री १०.१०

त्या चौकटीत दोन्हीच्या तारखा दिलेल्या असतात. घाईने काही दाबू नका. ज्याची तारीख तुमच्या शेवटच्या खेळण्याशी जुळते तो निवडा. नवी तारीख म्हणजे नेहमी खरा सेव्ह असं नाही. गेम परत टाकून एकदा उघडला की काही गेम लगेच कोरी फाइल तयार करतात, आणि ती तुमच्या जुन्या सेव्हपेक्षा 'नवी' दिसते. शंका आली तर चौकट रद्द करा, गेम सुरू करू नका.

चुकून उलटं निवडलं गेलं तरी पेनड्राइव्हवरची प्रत आहेच. गेम बंद ठेवून प्रॉपर्टीजमधून त्या गेमपुरता स्टीम क्लाऊड बंद करा, जुने सेव्ह मूळ जागी टाका, गेम उघडून शेवटचा सेव्ह लोड होतोय याची खात्री करा. मग क्लाऊड परत चालू करा आणि विचारलं की 'या संगणकावरचा' निवडा. रेड डेडची डिस्क जोडल्यावर पहिल्यांदा 'व्हेरिफाय इंटिग्रिटी' (फाइल्स धड आहेत का याची तपासणी) चालवा. स्कायरिमवर मात्र ते चालवू नका, नाहीतर बदललेल्या मूळ फाइल्स पूर्ववत होतील. डिस्क जोडण्याआधी स्टीम ऑफलाइन करा, म्हणजे ते न विचारता अपडेट होणार नाही. स्कायरिम उघडायचं तेही एसकेएसईच्या लाँचरमधूनच.